रडून झालेलं नाव

ऑस्ट्रेलियाच्या वाळवंटातल्या मिलाकुरा वस्तीच्या शाळेत पोरं वर्षाचे महिने म्हणायची ते असे: मार्च, एप्रिल, मे, कुन्मनारा, जुलै. नवी गोरी शिक्षिका आली की पहिल्याच आठवड्यात त्यांना दुरुस्त करायला जायची. ती मधला महिना मोठ्यानं म्हणाली की पोरं तोंडावर हात ठेवायची, जणू बाईंनी भर वर्गात काहीतरी भलतंच केलं. मग कुणाची तरी आजी शाळेच्या फाटकाशी येऊन बाईंना बाजूला घ्यायची आणि सांगायची, त्या नावाची आमची एक मुलगी गेली. ते नाव आम्ही तोंडातून काढत नाही.

गेलेल्या माणसाचं नाव घ्यायचं नाही, हे सगळ्यांच्याच बाबतीत होतं. त्याच नावाचं दुसरं कुणी जिवंत असलं तर त्याला कुन्मनारा म्हणायचं. पण काही वर्षं गेली, घरच्यांचं दुःख जरा निवलं, की नाव हळूहळू मोकळं व्हायचं. एखाद्या नव्या बाळाला ते ठेवलंही जायचं. या एका नावाचं तसं झालं नाही, कारण मुलीच्या आईनं, तिनिमाईनं, ते कधी मोकळं केलंच नाही.

इमेल्डा ही तिनिमाईची थोरली. धाकटी गेली तेव्हा इमेल्डा सहा-सात वर्षांची असेल. तिला तुकडे तुकडे आठवायचे. धाकटी तापानं फणफणली होती. मिशनचा ट्रक आला, नर्सनं तिला उचललं, दूरच्या मोठ्या हॉस्पिटलात नेलं. पुढं एक दिवस मिशनचा माणूस विहिरीपाशी येऊन टोपी काढून उभा राहिला आणि म्हणाला, पोर वाचली नाही. मग आईनं दगडानं स्वतःचं डोकं फोडून घेतलं. सगळ्यांचे केस कापले. बापानं राहती झोपडी पेटवून दिली आणि बिऱ्हाड तिथून हललं. धाकटीच्या पाठीवर पुढं कुणी झालं नाही. तिचं लग्न झालं, मुलं झाली, नातवंडं झाली, म्हातारा बापही जाऊन बरीच वर्षं झाली. तरी कुणी परक्यानं विचारलं, "तुम्ही भावंडं किती?" तर ती मान फिरवून दुसरंच काही बोलायला लागायची.

थंडीचे दिवस होते. बायकांच्या केंद्राच्या व्हरांड्यात ऊन आलं होतं आणि पाच-सहा जणी पाय लांब करून गवताच्या टोपल्या विणत बसल्या होत्या. मधोमध विनी आत्या. ही इमेल्डाच्या बापाची बहीण. तिच्या हातातल्या दाभणापेक्षा तिची जीभ टोकदार. तेवढ्यात तांबडी धूळ उडवत एक भाड्याची पांढरी गाडी आली, मागचं एक चाक पार बसलेलं. आतून पन्नाशीची एक बाई उतरली. कातडी यांच्यासारखीच काळी, पण बूट नवे, टोपी नवी आणि बोलणं थेट शहरातलं इंग्रजी.

"नमस्कार," ती हसून म्हणाली. "मी ॲडलेडहून आले. माझं नाव जून."

सगळी दाभणं जागच्या जागी थांबली. एकीनं ब्लँकेट तोंडावर ओढलं. विनी आत्याच्या मांडीवरची टोपली घरंगळत वाळूत गेली, तरी तिनं हात पुढे केला नाही. इमेल्डाच्या तर कानशिलात कुणी मारावी तसं झालं. लहानपणी बंद झालेला तो शब्द, आज ही कोण कुठली बाई हसत हसत व्हरांड्यात टाकून मोकळी झाली होती.

"ते नाव इथं घ्यायचं नाही," इमेल्डा म्हणाली. 

बाईचं हसू विरलं. "अरे देवा. माफ करा. कोण वारलं?"

"तेही विचारायचं नाही."

"मला माहीत होतं हो हे. मी शहरात हेच शिकवते, ऑफिसातल्या लोकांना. आदिवासींच्या वस्तीत गेलात तर कसं वागायचं, काय बोलायचं नाही. पहिल्याच दिवशी सांगते, मृतांची नावं घेऊ नका म्हणून."

"आणि स्वतः पहिल्याच दिवशी घेतलंस," विनी आत्या म्हणाली.

एक-दोघी खुदकन हसल्या.  विनी आत्यानं टोपली ओढून घेतली. "इथं असेस्तोवर तू कुन्मनारा. कळलं? कशाला आलीस?"

बाई काहीतरी सांगणार होती. तिनं इमेल्डाच्या चेहऱ्याकडे पाहिलं आणि जे सांगायचं ते गिळलं. "शिकायला," ती म्हणाली.

"मग बस. ते गवत उचल."

ती बसली. संध्याकाळपर्यंत बसून राहिली. पण तोंडाला खळ नाही. हे गवत कधी कापतात, ही नक्षी कशाची, याचा अर्थ काय, त्याचा अर्थ काय. विनी आत्या शेवटी वैतागली. "अगं बाई, पोलीस आहेस का? उलटं धरलंयस ते गवत." तिनं गवत सुलटं धरलं. त्या दिवशी तिला पाहुण्यांच्या पत्र्याच्या खोलीची किल्ली दिली ती इमेल्डानंच, पण हाताला हात लागू दिला नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी इमेल्डा चहासाठी विस्तव करायला केंद्रावर आली. वाळूवर दव पडून ती घट्ट झाली होती आणि तिच्यावर अनवाणी पावलांची ताजी रांग उमटली होती. पाहुण्यांच्या खोलीपासून नळापर्यंत आणि नळापासून परत.

इमेल्डानं सवयीनं खाली बघितलं. वस्तीत कोण कुठून कुठं गेलं हे सगळ्यांना असंच कळायचं. माणसाचा चेहरा ओळखावा तसं पाऊल ओळखायचं. तिनं बघितलं आणि तिच्या हातातली लाकडं खाली पडली.

ते तिच्या बापाचं पाऊल होतं.

उजवा पाय आत वळलेला. टाचेचा भार बाहेरच्या कडेवर. अंगठ्याशेजारचं बोट टेकलेलंच नाही, त्याच्या जागी नुसता पुसट ठिपका. या पावलामागून ती लहानपणी अख्खं वाळवंट चालली होती. बापाला पुरलं त्याच्या दुसऱ्या दिवशी बायकांनी झाडाच्या फांद्यांनी वस्तीतली त्याची सगळी पावलं पुसून टाकली होती. त्यातली काही तिनं स्वतः पुसली होती.

 ती उलट पावली मागं सरली आणि विनी आत्याच्या घराकडे धावत सुटली. नातवंडांची आजी झालेली बाई, लहान पोरीसारखी धावली.

"आत्या, उठ. तो आलाय."

"कोण तो?"

"तुझा भाऊ. नळापाशी. पाणी प्यायला आला होता."

विनी आत्यानं तिला शिवी हासडली, पण अंगावर ब्लँकेट ओढून निघाली. पावलांपाशी येऊन ती उकिडवी बसली.  मग तिनं आपला पंजा एका पावलाशेजारी वाळूत दाबला आणि मापून बघितलं.

"चालणं त्याचंच आहे," ती हळू आवाजात म्हणाली. "पण पाऊल लहान आहे. बाईचं आहे, इमेल्डा."

दोघींनी मान वर केली. रांग जिथून निघाली होती त्या दाराकडे त्यांची नजर गेली आणि तेवढ्यात दार उघडलं. कालची पाहुणी अनवाणी बाहेर आली, तोंडात दात घासायचा ब्रश. दोघींना वाळूत बसलेलं बघून ती गोंधळली. "काय झालं? मी नळ उघडा ठेवला का?"

 ती चालत जवळ आली. इमेल्डाची नजर तिच्या पायांवरून हलेना. उजवा पाय आत वळत होता.

"तू कुठली?" विनी आत्यानं विचारलं. आवाजात काल होती ती थट्टा नव्हती. "खरं सांग. कुणाची तू?"

पाहुणीनं ब्रश तोंडातून काढला. "तेच सांगायला आले होते काल. मला नीट माहीत नाही. चारएक वर्षांची असताना मला या बाजूच्या कुठल्या तरी वस्तीतून आणलं, एवढं मला सांगितलंय. आधी अनाथाश्रमात होते, मग एका गोऱ्या घरात. आई वारली म्हणून सांगितलं होतं. म्हटलं, आई नाही तर नाही, तिची माती तरी बघून यावी. दोन वस्त्या फिरले. ही तिसरी."

"आणि ते नाव?" इमेल्डा कशीबशी म्हणाली. "ते त्या गोऱ्यांनी ठेवलं?"

"नाही. ते माझं आधीपासूनचं. माझ्याजवळ तेवढं एकच होतं. त्यांनी कॅथरीन ठेवून बघितलं, मी हाकेला ओ देईना. मार खाल्ला, तरी ओ दिली नाही. शेवटी कंटाळून तेच राहू दिलं."

विनी आत्यानं दोन्ही हातांनी तोंड झाकलं. तिच्या घशातून एक बारीक, लांब आवाज निघायला लागला.

इमेल्डाला रडू आलं नाही. तिला राग आला. "तू मेलीस," ती म्हणाली. "हॉस्पिटलात मेलीस तू. आम्ही रडलो तुला. माझे केस कापले. आईच्या डोक्यावर अजून वण आहे."  ती तिथंच वाळूत बसली, आणि समोरची बाई उभ्याउभ्याच विचारत राहिली, "आईच्या? कुणाच्या आईच्या? आई आहे? जिवंत आहे?"

सकाळचा चहा राहिला. म्हाताऱ्या बायका एकेक करून जमल्या आणि केंद्रामागच्या झाडाखाली त्यांची बैठक बसली. माणूस मेलं तर काय करायचं हे त्या सगळ्यांना पाठ होतं. कुणी कुठं बसायचं, कुणी आधी रडायचं, कुणी जेवण आणायचं. पण मेलेलं माणूस भाड्याच्या गाडीतून परत आलं तर काय करायचं, हे कुणालाच ठाऊक नव्हतं. असं कधी झालंच नव्हतं.

"सरळ नेऊन उभी करा म्हातारीसमोर," एक म्हणाली.

"म्हणजे म्हातारी तिथंच आटपायची," दुसरी म्हणाली.

शेवटी विनी आत्यालाच वाट सुचली. "माझा भाऊ गेला तेव्हा ही इथं नव्हती. बापासाठी ही अजून रडलेली नाही. रडायला उशिरा आलेलं लेकरू कसं येतं, कुठं बसतं, ते आपल्याला माहीत आहे. तिथून सुरू करू."

इकडे लेस्टर, इमेल्डाचा जावई, पाहुणीच्या गाडीचं चाक बदलत होता. भला माणूस. कालच त्यानं कबूल केलं होतं. गाडी जॅकवर चढवून तो तिच्याशी फुटबॉलवर गप्पा मारत होता. ती हो ला हो करत होती, पण तिचं लक्ष सगळं झाडाखाली. इतक्यात लांबून कुणीतरी लेस्टरला ओरडून दोन शब्द सांगितले. त्यानं पाना खाली ठेवला, तोंड फिरवलं आणि एकही शब्द न बोलता चालता झाला. गाडी तशीच तीन चाकांवर.

पाहुणी त्याच्या पाठीकडे बघत राहिली. इमेल्डा जवळ आली तेव्हा ती म्हणाली, "मी काय केलं? माझ्याकडे बघेनासुद्धा तो. तुम्ही सगळ्यांनी मला जायला सांगायचं ठरवलंय का?"

आणि सकाळपासून पहिल्यांदा इमेल्डाच्या तोंडातून हसू फुटलं. ते तिलाच अनपेक्षित होतं. "तो माझा जावई आहे. जावई सासूशी बोलत नाही, तिच्यासमोर थांबत नाही. मी तुझी बहीण, म्हणजे तूही त्याची सासू. आता जन्मात तो तुझं चाक लावायचा नाही."

"हे मी शिकवते," ती पुटपुटली. "सासूजावयाचं. चित्र काढून दाखवते फळ्यावर." आणि ती बॉनेटला टेकून मोठमोठ्यानं रडायला लागली. इमेल्डा थोडा वेळ बाजूला उभी राहिली. मग तिनं तिच्या मनगटाला धरलं. धाकटीचा हात असा धरायची तिची जुनी सवय होती, ती तिला तेव्हाच आठवली.

तिनिमाईचं घर वस्तीच्या टोकाला. घराला भिंती होत्या, पण ती राहायची बाहेर शेकोटीपाशी, कुत्र्यांच्या गराड्यात. डोळ्यांना फक्त उजेड आणि सावली कळायची. कान मात्र शाबूत होते.

"मान खाली," इमेल्डानं वाटेत बजावलं. "लांब बसायचं. विचारल्याशिवाय बोलायचं नाही."

"किती वेळ?"

"लागेल तितका."

त्या जवळ येत होत्या तेव्हाच तिनिमाईनं मान ताठ केली. "विनी, तुझ्याबरोबर कोण आहे? असं पाय ओढत कोण चालतंय?"

विनी आत्या उत्तर न देता खाली बसली आणि तिनं भावासाठी गळा काढला. तिनिमाई क्षणभर चमकली. पण रडणाऱ्याला एकटं रडू द्यायचं नसतं, म्हणून तिनंही सूर लावला. दोघींचं रडणं एकमेकीत मिसळलं. मग तिनिमाई थांबून म्हणाली, "उशिरा कोण आलंय?"

"तुझ्या नवऱ्याची मुलगी."

"त्याची मुलगी ही इमेल्डा. ती काय माझ्या उशालाच असते."

"दुसरी," विनी आत्या म्हणाली.

 शेकोटीत एक लाकूड फुटलं. तिनिमाईनं शेजारची काठी उचलली आणि आवाजाच्या दिशेनं फेकली. काठी विनी आत्याच्या खांद्याला लागली.

"थट्टा करता? माझी? माझी पोर मेली. मेलेलं माणूस येत नाही, आणि जे येतं ते माणूस नसतं. घेऊन जा तिला."

वाळवंटातली ती भाषा धाकटीला कळत नव्हती, पण काठी कळली. ती उठायला लागली. इमेल्डानं तिचं मनगट दाबून धरलं. "बस," ती दातांतून म्हणाली. "आता उठलीस तर संपलं."

त्या बसून राहिल्या. तिनिमाई त्यांच्याकडे पाठ करून बसली. ऊन झाडाच्या एका बाजूनं दुसऱ्या बाजूला गेलं, कुत्री झोपली. मग पाठ तशीच ठेवून म्हातारी म्हणाली, "तिला विचार, काय आठवतं."

इमेल्डानं विचारलं. धाकटीनं डोळे मिटले. "फार नाही. ट्रक आठवतो. मागच्या फळ्यांच्या फटीतून दिसत होतं. एक बाई ट्रकमागं धावत येत होती, ओरडत. मला वाटलं ती मला मारायला येतेय. मी नर्सला घट्ट धरलं आणि म्हटलं, जोरात चालवा. मग ती बाई पडली. आणि मला बरं वाटलं."

 हे इमेल्डानं कधी ऐकलं नव्हतं. त्या दिवशी नर्सनं धाकटीला उचललेलं बघून ती शेळ्यांमागं गेली होती. तिनं आईला सांगायला सुरुवात केली आणि शेवटचं वाक्य गिळलं.

"पुरतं सांग," तिनिमाई म्हणाली.

तिनं सांगितलं.

म्हातारीची पाठ तशीच राहिली. मग ती सावकाश, हातांवर भार देत, इकडे वळली. "मी पडले हे कुणालाच माहीत नाही," ती म्हणाली. "तुझ्या बापालाही सांगितलं नाही मी. पडले नसते तर धरली असती."

तिनं हात पुढं केला. धाकटी गुडघ्यांवर सरकत गेली. तिनिमाईनं तिचं डोकं चाचपलं, कान, हनुवटी, खांदे. आणि मग मारायला लागली. उघड्या तळहातानं, पाठीवर, दंडावर, "कुठं होतीस, कुठं होतीस," करत. धाकटीनं हात आडवा घातला नाही. मारता मारता म्हातारीचं बळ सरलं आणि तिनं तिला छातीशी ओढली. त्यानंतर जे रडणं उठलं ते ऐकून अख्खी वस्ती घराबाहेर आली.

सगळं शांत होतंय असं वाटत असतानाच तिनिमाई एकदम ताठ बसली.

"इमेल्डा. मग तिथं कोण आहे?"

"कुठं, आई?"

"त्या कबरीत. आम्हाला नेऊन दाखवली होती त्यांनी. तुझ्या बापाला आणि मला. ताजी माती होती. मी हातानं चाचपली होती." तिनं वाळूवर हात फिरवला. "ही इथं आहे. मग मी इतकी वर्षं कुणाच्या लेकराला रडले?"

  सकाळपासून धक्क्यांवर धक्के बसून इमेल्डा बधिर झाली होती, पण हे तिच्या स्वप्नातसुद्धा आलं नसतं. मिशनचा तो टोपी काढणारा माणूस कधीच मरून गेला होता. त्यानं मुद्दाम खोटं सांगितलं, का त्यालाही कुणी खोटंच सांगितलं होतं, हे आता विचारायचं कुणाला?

धाकटीनं आपल्या नावाबद्दल विचारलं ते दोन दिवसांनी, चहा पिताना. "आता तरी आई मला माझ्या नावानं हाक मारेल का?" इमेल्डानं आईला विचारलं. तिनिमाईनं मान हलवली.

"ते नाव घेऊन मी त्या मातीपाशी रडले आहे. तिथं जे लेकरू आहे त्याला दुसरं कुणीच रडलेलं नाही. त्याच्याजवळ तेवढंच आहे. ते काढून घेऊ?"

इमेल्डानं हे सांगितल्यावर धाकटी खूप वेळ पेल्यात बघत राहिली. मार खाऊन तिनं राखलेलं नाव होतं ते. "माझ्याजवळसुद्धा तेवढंच होतं," ती म्हणाली. "तिला हे सांगू नकोस." आणि इमेल्डानं सांगितलं नाही.

मग ते मोठं हॉस्पिटल होतं त्या शहरातल्या कबरस्तानात चौघी गेल्या. कडेला, कुंपणाला लागून, लहान लहान उंचवट्यांची एक ओळ होती. नावं नव्हती, नुसत्या लोखंडी पट्ट्या. तिनिमाईनं हातानं एकेक पट्टी चाचपली आणि एका ठिकाणी बसली. तिथला रखवालदार, गोरा म्हातारा, जवळ येऊन अदबीनं म्हणाला, "तुमचं कोण आहे इथं?" इमेल्डा अडखळली. काय सांगणार? धाकटीनं वळून सांगितलं, "आमचंच आहे. बसू द्या जरा." हॉस्पिटलात जाऊन त्यांनी विचारून पाहिलं. इतकं जुनं काही राहिलेलं नाही, असं त्यांना सांगण्यात आलं.

मग विनी आत्यानं फोन हाती घेतला. वाळवंटातल्या झाडून सगळ्या वस्त्यांत तिची कुणी ना कुणी भावजय, विहीण, मावसबहीण होती. ज्या हिवाळ्यात मिशनचे ट्रक आजारी पोरं घेऊन गेले, त्या हिवाळ्यात कुणाचं पोर परत आलं नाही, एवढंच ती विचारायची आणि गप्प बसून ऐकायची. धाकटी शेजारी बसलेली असायची, हातात गवत घेऊन. आता ती प्रश्न विचारत नव्हती. शहरातल्या ऑफिसला तिनं कळवून टाकलं होतं, की मी एवढ्यात शिकवायला येणार नाही. ज्यांना शिकायचंय त्यांनी आधी कुणाला तरी विचारून इकडे यावं, चार दिवस बसावं.

एके दुपारी फोनवर बोलता बोलता विनी आत्याचा चेहरा उतरला. ती फक्त "हं," म्हणत राहिली. फोन ठेवून ती थेट तिनिमाईकडे गेली. इमेल्डा आणि धाकटी मागोमाग.

"पश्चिमेकडे एक नेलिया म्हणून आहे," विनी आत्या म्हणाली. "तिची मुलगी त्याच ट्रकमध्ये होती. हिच्याच वयाची."

"तिला काय सांगितलं?" तिनिमाईनं विचारलं.

विनी आत्या तिच्याशेजारी खाली बसली.  "मुलगी बरी झाली म्हणून सांगितलं. चांगल्या घरी दिली, शाळेत जाते, सुखात आहे, मोठी झाली की भेटायला येईल. नेलिया अजून वाट बघते. रस्त्यावर गाडी वाजली की बाहेर येते म्हणे."

इमेल्डानं धाकटीकडे बघितलं. धाकटीच्या हातातलं गवत गळून पडलं होतं. शाळा, चांगलं घर, सुख. ते सगळं हिच्याबद्दलचं होतं, आणि ते दुसऱ्याच आईला सांगितलं गेलं होतं. आणि त्या आईच्या लेकीचं मरण यांच्या दारात आणून टाकलं होतं.

 मग तिनिमाई काठी टेकत उठली.

"गाडी काढ," ती धाकटीला म्हणाली. धाकटीला एव्हाना एवढी भाषा समजत होती.

"आई, आपण फोनवर," इमेल्डा म्हणायला लागली.

"हे फोनवर सांगायचं नसतं. आणि दुसऱ्या कुणी सांगायचं नाही. मी सांगणार. तिच्या पोरीला रडले मी आहे."

वाट लांबची आणि खडबडीत होती. तिनिमाई पुढं बसली होती, ब्लँकेटात. मागं विनी आत्या खिडकी बंद करा म्हणून कुरकुरत होती, पण तिच्या कुरकुरण्यात जीव नव्हता. त्या वस्तीत पोचल्या तेव्हा ऊन कललं होतं. कडेच्या एका घरातून गाडीचा आवाज ऐकून एक वाळकी म्हातारी खरंच बाहेर आली. डोळ्यांवर हात धरून बघत राहिली.

धाकटीनं गाडी लांबच थांबवली. तिला तसं कुणी सांगितलं नव्हतं. मग उतरून तिनं आईला हात दिला.

तिनिमाई थोडं चालली आणि नेलियाच्या घरासमोर, बरंच अंतर ठेवून, वाळूत बसली. तिच्यामागं या तिघी. तिनिमाईनं मान खाली घातली.  नुसती बसून राहिली, आणि समोरची बाई दाराची चौकट धरून त्या चौघींकडे बघत उभी होती, आणि अशा खाली घातलेल्या मानांचा अर्थ काय होतो हे तिला हळूहळू कळत होतं.